'सांता साबिना' : मेक्सिकोतील एका बँडची ध्वनिमुद्रित कविता
(शताब्दी व्याख्यानमालेतील व्याख्यानाची संहिता)



ग्रंथालयाच्या व्यासपीठावर रॉक संगीताचा विषय यावा, याचे काहींना नवल वाटणे स्वाभाविक आहे. आपल्याकडे 'बँड' म्हटले की डोळ्यांपुढे वरात येते, आणि 'वाद्यवृंद' म्हटले की समोर नोटेशनचे कागद मांडून बसलेली मंडळी. आजच्या विषयातील पाच जण या दोन्ही प्रकारांत बसत नाहीत. तेव्हा 'बँड' हाच शब्द चालवून घ्यावा. विषयाचे प्रयोजन मात्र ग्रंथालयाशी अगदी जवळचे आहे. मेक्सिको शहरातील 'सांता साबिना' या बँडने आपले नाव घेतले ते एका निरक्षर वैदूबाईचे. त्याच्या अनेक गाण्यांचे शब्द लिहिले ते एका कवयित्रीने. आणि त्याची गायिका अखेरच्या वर्षांत जाऊन पोहोचली ती सतराव्या शतकातील एका ग्रंथवेड्या जोगिणीच्या मठात. बोललेला शब्द, लिहिलेला शब्द आणि ध्वनिमुद्रित शब्द यांचे नाते काय, हा प्रश्न या तिन्ही ठिकाणी उभा राहतो, आणि तो केवळ तात्त्विक राहत नाही. या प्रश्नापायी एका बाईचे घर जळालेले आहे.

आरंभ थोड्या पूर्वपीठिकेने करावा लागेल. २ ऑक्टोबर १९६८ रोजी मेक्सिको शहरातील त्लातेलोल्को चौकात विद्यार्थ्यांच्या सभेवर गोळीबार झाला. त्या घटनेच्या निषेधार्थ भारतातील मेक्सिकन राजदूताने आपले पद सोडले. हे राजदूत म्हणजे कवी ओक्ताव्हिओ पाझ. १९६२ पासून ते दिल्लीत होते, आणि पुढे १९९० मध्ये त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले. त्लातेलोल्कोनंतर तीनच वर्षांनी, सप्टेंबर १९७१ मध्ये, आवांदारो या गावी रॉक संगीताचा प्रचंड मेळा भरला. तरुणांची ती गर्दी पाहून सरकार बिथरले. वृत्तपत्रांनी अनीतीचा गिल्ला केला, आणि रॉक संगीत रेडिओवरून, सभागृहांतून, ध्वनिमुद्रण कंपन्यांच्या याद्यांतून जवळजवळ हद्दपार झाले. दहा-बारा वर्षे ते शहराच्या कडेच्या पडीक गुदामांत आणि मोडक्या नाट्यगृहांत जगले. या जागांना लोक 'भोके' म्हणत. १९८० नंतरच्या दशकाच्या उत्तरार्धात कंपन्यांना स्पॅनिश रॉकमध्ये पैसा दिसू लागला आणि 'तुझ्या भाषेतले रॉक' अशी जाहिरातीची लाट आली. त्या लाटेवर जो बँड सर्वांत वर चढला तो 'काइफानेस'. काळे कपडे, विस्कटलेले केस, पांढुरके चेहरे असा त्यांचा वेश. एका कंपनीच्या अधिकाऱ्याने 'आम्ही शवपेट्या विकत नाही' असे सांगून त्यांना परत पाठवल्याची हकीकत मेक्सिकोत अजून रंगवून सांगितली जाते. पुढे १९८८ मध्ये त्यांचीच ध्वनिमुद्रिका निघाली आणि खपली. शवपेट्यांनाही गिऱ्हाईक असते, हे कंपन्यांना कळले.

'सांता साबिना'चा जन्म याच सुमाराचा, परंतु वेगळ्या घरातला. रीटा गेरेरो ही १९६४ मध्ये ग्वादालाहारा शहरात जन्मलेली मुलगी. तेथे ती पियानो शिकली आणि नाट्यशिक्षणासाठी राजधानीत आली. राष्ट्रीय विद्यापीठाच्या नाट्यकेंद्राच्या वातावरणात तिची गाठ चार वादकांशी पडली: बेसवर आल्फोन्सो फिगेरोआ, गिटारवर पाब्लो बालेरो, कीबोर्डवर हाकोबो लीबरमान आणि ड्रम्सवर पात्रिसिओ इग्लेसियास. ही मंडळी जॅझच्या वळणाचे संगीत वाजवीत होती आणि नाटकांना साथ करीत होती. 'व्हॉक्स थानाटोस', म्हणजे 'मृत्यूचा आवाज', नावाच्या नाट्यप्रयोगात अभिनेत्री आणि वादक एकत्र आले, आणि त्यातून १९८८-८९ च्या सुमारास बँड उभा राहिला. ही रंगभूमीची नाळ ध्यानात ठेवली पाहिजे. रीटा गाणे म्हणत नसे, गाण्यातील पात्र उभे करीत असे. तिचा आवाज उंच पट्टीतला, कमावलेला, ऑपेराच्या अंगाने जाणारा. पण एखाद्या ओळीवर ती अचानक कुजबुजे, एखादीवर पोरासारखी चिडवे, आणि मग पुन्हा वर चढे. रॉकचा सर्वसाधारण गायक एकच भाव धरून ओरडतो. येथे एका गाण्यात चार भाव बदलत, आणि वादकही त्याबरोबर ताल बदलत.

नाव मात्र रंगभूमीवरून आलेले नव्हते. मारिया साबिना ही ओआहाका प्रांतातील डोंगराळ मुलखात, उआउत्ला दे हिमेनेस या गावी राहणारी मासातेक जमातीची बाई. लिहिता-वाचता न येणारी, स्पॅनिश न बोलणारी. रात्रभर जागर मांडायचा, विशिष्ट अळंबी खायची, आणि त्या अवस्थेत मंत्रासारखे गात आजाऱ्याच्या दुखण्याचे मूळ शोधायचे, हा तिचा वसा. तरुणपणी तिला दृष्टान्त झाला आणि त्यात एक ग्रंथ तिच्या हाती देण्यात आला, असे ती सांगे. अक्षर न ओळखणाऱ्या बाईला तो ग्रंथ वाचता आला, आणि पुढे जन्मभर ती त्यातलेच शब्द गात राहिली, अशी तिची श्रद्धा. तिच्या गाण्यातील ओळींच्या शेवटी 'असे म्हणते' या अर्थाचा एक छोटा शब्द पुनःपुन्हा येतो. मराठी कानाला येथे 'तुका म्हणे' आठवल्यावाचून राहत नाही. पण फरक लक्षात घेण्याजोगा आहे. तुकोबांच्या मुद्रेत म्हणणाऱ्याचे नाव आहे. मारिया साबिनाच्या 'म्हणते'ला कर्ताच नाही. म्हणणारे कोणी दुसरेच आहे आणि ती केवळ वाट आहे, असा त्यातला भाव.

१९५५ च्या जूनमध्ये गॉर्डन वॉसन नावाचे न्यूयॉर्कचे एक बँक अधिकारी तिच्या जागराला बसले. अळंब्यांचा अभ्यास हा त्यांचा छंद होता. १३ मे १९५७ च्या 'लाइफ' साप्ताहिकात त्यांनी आपला अनुभव लिहिला. बाईचे आणि गावाचे नाव त्यांनी बदलले होते, तरी लोकांनी शोध लावलाच. त्याच वर्षी तिच्या जागराची ध्वनिमुद्रिकाही अमेरिकेत निघाली. त्यानंतर जे झाले ते कोणत्याही संग्राहकाने, संशोधकाने वाचावे असे आहे. साठोत्तरी काळात परदेशी तरुणांचे थवेच्या थवे उआउत्लात उतरू लागले. त्यांना आजार नव्हता, नुसती नशा हवी होती. मग पोलीस आले, पाठोपाठ सैन्य आले. गावाने दोष तिला दिला. तिचे घर जाळण्यात आले. परके आल्यापासून अळंब्यांची शक्ती गेली, असे ती म्हातारपणी सांगे. नोव्हेंबर १९८५ मध्ये ती वारली, ती होती तशीच गरीब. तिचा आवाज मात्र ध्वनिमुद्रिकेवर आजही स्वच्छ ऐकू येतो. जपणूक आणि लूट या दोन गोष्टी एकाच यंत्राने, एकाच रात्री केल्या.

तिच्या मृत्यूनंतर तीन-चार वर्षांनी शहरातल्या पाच सुशिक्षित तरुणांनी तिचे नाव घेतले, त्याला 'सांता' म्हणजे 'संत' हे उपपद जोडले, आणि ते नाव घेऊन ध्वनिमुद्रणाच्या व्यवसायात पाऊल टाकले. हाही एक उपटसुंभपणाच नव्हे काय, असा आक्षेप घेता येतो, आणि तो अगदीच फोल नाही. त्याचे उत्तर बँडच्या पुढच्या वर्तनात थोडेफार मिळते. त्यांनी मासातेक मंत्रांची नक्कल केली नाही, डोंगरी वेश चढवला नाही, अळंब्यांचे गुणगान करून गिऱ्हाईक जमवले नाही. त्यांनी घेतली ती एक कल्पना: बाईचा आवाज हे रोगापर्यंत, अंधारापर्यंत जाण्याचे साधन आहे. १ जानेवारी १९९४ रोजी चियापास प्रांतात झापातिस्तांचा उठाव झाला. त्यानंतर तेथील आदिवासी गावांच्या मदतीसाठी ज्या कलावंतांनी वर्षानुवर्षे मैफली करून निधी जमवला, त्यांत हा बँड आघाडीवर होता. नावाचे ऋण फेडण्याची ही एक रीत म्हणता येईल. ऋण फिटले की नाही, हे उआउत्लाच्या लोकांनी ठरवायचे.

आता ध्वनिमुद्रिकांकडे वळू. पहिली, बँडच्याच नावाची, १९९२ ची. कंपनी 'कुलेब्रा', बीएमजी या बड्या संस्थेची रॉकसाठी काढलेली शाखा. निर्मितीची बाजू 'काइफानेस'चे गिटारवादक आलेहांद्रो मार्कोविच यांनी सांभाळली. या ध्वनिमुद्रिकेत जॅझची उसळी जास्त आहे. 'चिक्लेस', म्हणजे 'च्युइंगम', या गाण्यात तर चक्क थट्टामस्करी आहे. उलट 'बासिओ', म्हणजे 'रितेपण', हे गाणे ऐकताना पुढचा रस्ता दिसू लागतो. बेसचे स्वर जड पावलांनी चालतात आणि त्यावर रीटाचा आवाज, ओसाड वाड्यात एकटीने हिंडावे तसा, खोलीखोलीतून फिरतो. वादकांना वाजवण्याची हौस फार, त्यामुळे कुठे कुठे शब्द गुदमरतात. पहिलेपणाचा हा दोष क्षम्य आहे.

खरी महत्त्वाची ती दुसरी, १९९४ ची 'सिंबोलोस', म्हणजे 'प्रतीके'. तिची निर्मिती एड्रियन बेल्यू यांनी केली. 'किंग क्रिम्सन' या इंग्रज बँडचे हे अमेरिकन गिटारवादक. १९९२ मध्ये 'काइफानेस'ची 'एल सिलेन्सिओ' त्यांनीच घडवली होती. त्यांनी केलेली मुख्य गोष्ट म्हणजे जागा मोकळी केली. वाद्ये मागे सरली, नाद स्वच्छ झाला, आणि शब्द पुढे आले. शब्द पुढे येणे येथे अत्यावश्यक होते, कारण ते एका कवयित्रीचे होते. आद्रियाना दियास एन्सिसो ही रीटाच्याच वयाची, ग्वादालाहाराचीच. ती बँडमध्ये वाजवीत नसे, मंचावर येत नसे. तिचे काम लिहिण्याचे. मराठी रसिकाला कवी आणि गायक वेगळे असण्याची भावगीतांमुळे सवय आहे. भा. रा. तांब्यांची कविता तर कवीच्या मागे कितीतरी वर्षांनी ध्वनिमुद्रिकेवर आली आणि घराघरांत गेली. रॉकच्या जगात मात्र 'आपले दुःख आपणच लिहावे' असा अलिखित दंडक आहे. 'सांता साबिना'ने तो मोडला आणि त्यामुळेच त्यांच्या गाण्यांना आत्मकथनाचा कंटाळवाणा वास आला नाही. गाण्यातला 'मी' हा कवयित्रीचा नव्हता, गायिकेचाही नव्हता. तो रंगमंचावरील पात्राचा होता.

या पात्रांतील सर्वांत प्रसिद्ध पात्र म्हणजे रक्तपिपासू. 'लुईसाठी एक गाणे' या शीर्षकाचे, कंसात 'व्हॅम्पायर' असा उल्लेख असलेले गाणे 'सिंबोलोस'मध्ये आहे. हा लुई अ‍ॅन राइस या अमेरिकन लेखिकेच्या १९७६ च्या कादंबरीतला: अमर झालेला, पण माणुसकी न सुटलेला, आपल्याच भुकेची लाज वाटणारा. दियास एन्सिसो यांनी पुढे २००१ मध्ये 'ला सेद', म्हणजे 'तहान', ही स्वतःची रक्तपिपासूंची कादंबरीही प्रसिद्ध केली. तेव्हा हा विषय फॅशन म्हणून उचललेला नव्हता, हे उघड आहे.

तरीही 'गोथिक' हा शिक्का बँडवर बसला आणि तो त्यांना फारसा रुचला नसावा. हा शब्द इंग्लंडमधून आलेला. १९७९ नंतर 'बाउहाउस'सारख्या बँडांनी काळा वेश, थडगी, जुन्या भयपटांतील चेहरे यांचा एक साचा बनवला, तो जगभर गेला आणि मेक्सिकोतही पोहोचला. रीटाचे लांब काळे केस आणि पायघोळ झगे पाहून समीक्षकांनी तोच शिक्का उचलला. पण मेक्सिकोला मृत्यूची प्रतिमा इंग्लंडकडून आयात करण्याची गरज कधी होती? नोव्हेंबरच्या १ आणि २ तारखेला तेथे घरोघरी मृतांसाठी झेंडूच्या फुलांनी सजवलेले मखर मांडतात आणि नैवेद्य ठेवतात. होसे ग्वादालुपे पोसादा या खोदचित्रकाराने शंभर वर्षांपूर्वीच सांगाड्यांना टोप्या घालून नाचवले. शाविएर बियाउरुतिया यांचा 'मृत्यूची ओढ' या अर्थाच्या नावाचा संग्रह १९३८ चा, होसे गोरोस्तिसा यांचे 'अनंत मृत्यू' हे दीर्घकाव्य १९३९ चे. पाझ यांनी १९५० च्या आपल्या प्रबंधात मेक्सिकन माणसाच्या मृत्यूशी असलेल्या सलगीची चिकित्सा केली. कार्लोस फुएन्तेस यांच्या १९६२ च्या 'आउरा' या लघुकादंबरीत तर मेक्सिको शहराच्या जुन्या वस्तीतील एका अंधाऱ्या वाड्यात म्हातारी आणि तरुणी एकमेकींत मिसळून जातात. 'सांता साबिना'चे मूळ शोधायचे ते या फडताळात. इंग्लंडच्या बँडांकडून त्यांनी फार तर वेशभूषा घेतली.

एक भेद मात्र नोंदवला पाहिजे. लोकपरंपरेतील मृत्यू गर्दीतला आहे, हसरा आहे, खाणेपिणे करणारा आहे. या बँडचा मृत्यू एकांतातला आहे. 'इथे असूनही नाही' या अर्थाचे शीर्षक असलेले त्यांचे एक गाणे आहे, ते या दृष्टीने पाहावे. १९८५ च्या भूकंपात राजधानीचा मध्यभाग कोसळलेला पाहिलेली, कोट्यवधींच्या शहरात एकेकट्या खोल्यांत राहणारी ही पिढी. तिला झेंडूचे मखर पुरेसे पडत नव्हते. रक्तपिपासू तिला जवळचा वाटला, कारण तो गर्दीत हिंडतो पण गर्दीचा नसतो.

१९९६ ची 'बाबेल' ही तिसरी स्टुडिओ ध्वनिमुद्रिका. नावाप्रमाणेच ती अनेक बोलींची आहे, आणि सवयीने ऐकणाऱ्याला पहिल्या खेपेस दाद देत नाही. एव्हाना मूळ मंडळींत बदल झाले होते. कीबोर्डवर हुआन सेबास्तियान लाच आणि गिटारवर आलेहांद्रो ओताओला आले होते, आणि संगीत अधिक गुंतागुंतीचे झाले होते. जाणकारांपैकी काहींना हीच सर्वश्रेष्ठ वाटते. ते मत आदरणीय असले तरी मान्य करणे कठीण आहे. 'बाबेल'मध्ये कौशल्य जास्त आणि थरार कमी. नवख्या श्रोत्याने आरंभ करावा तो १९९७ मध्ये एमटीव्ही वाहिनीसाठी झालेल्या विनाविद्युत्-वाद्यांच्या मैफलीपासून. विजेची गिटार बाजूला ठेवल्यावर कित्येक बँड उघडे पडतात. हा बँड उलट भरीव झाला. श्वास घेण्याचा आवाज, अक्षरावर घेतलेला किंचित थांबा, बेसच्या तारेवर बोट सरकल्याची घसट, हे सारे ऐकू येते, आणि मूळची नाटकमंडळी आपल्या घरी परतल्यासारखी वाटते.

त्यानंतर बड्या कंपनीचे छत्र गेले. २००० ची 'मार आदेन्त्रो एन ला सांग्रे', म्हणजे 'रक्तातील खोल समुद्रात', आणि २००३ ची 'एस्पिराल' या दोन ध्वनिमुद्रिका त्या मानाने कमी लोकांपर्यंत पोहोचल्या. पंधरा वर्षे पूर्ण झाल्याच्या मैफलीचेही ध्वनिमुद्रण निघाले. पुढे बँड थांबला. उत्तरकाळाबद्दल याहून अधिक सांगण्यासारखे थोडे आहे. अपवाद रीटाच्या आवाजाचा. तो या काळात आणखी पिकला होता.

कारण तो आवाज एव्हाना दुसरीकडेही गात होता. 'एन्साम्ब्ले गालिलेओ' या प्राचीन संगीताच्या समूहाबरोबर रीटा मध्ययुगीन आणि बरोक काळातील गीते गाऊ लागली होती. पुढे मेक्सिको शहरातील 'सोर हुआनाचा मठ' या नावाने चालणाऱ्या विद्यापीठात तिने वृंदगायनाचा समूह उभा केला आणि त्याचे दिग्दर्शन केले. स्पॅनिश व्हाइसरॉयांच्या तीन शतकांच्या काळात मेक्सिकोत रचले गेलेले संगीत हा त्या समूहाचा विषय. काळ्या झग्यातील रॉक गायिका चर्चच्या संगीताकडे वळली याचे पुष्कळांना आश्चर्य वाटले, पण त्यात विसंगती नव्हती. ज्या वास्तूत हे विद्यापीठ आहे तो सान हेरोनिमोचा मठ. तेथे १६६९ पासून सोर हुआना इनेस दे ला क्रूस ही कवयित्री जोगीण म्हणून राहिली. तिच्या कोठडीत त्या काळच्या मानाने मोठा ग्रंथसंग्रह होता. 'पहिले स्वप्न' हे रात्रीवरचे, निद्रेतून ज्ञानाकडे झेपावणाऱ्या मनावरचे तिचे दीर्घकाव्य स्पॅनिश भाषेचे भूषण मानले जाते. आणि हीच विदुषी सणावारी चर्चमध्ये गाण्यासाठी गीतेही लिहून देई, ती चर्चचे संगीतकार स्वरबद्ध करीत. म्हणजे कवयित्रीने लिहायचे आणि दुसऱ्यांनी गायचे, ही रीत मेक्सिकोत दियास एन्सिसोंच्या आधी तीनशे वर्षे रुजलेली होती. धर्माधिकाऱ्यांच्या दडपणाखाली सोर हुआनाला अखेरीस आपली पुस्तके सोडून द्यावी लागली. १६९५ च्या साथीत आजारी भगिनींची शुश्रूषा करताना ती वारली. पाझ यांनी १९८२ मध्ये तिच्यावर सविस्तर ग्रंथ लिहिला आहे. ग्रंथप्रेमी मंडळींनी तो अवश्य पाहावा.

रीटाला स्तनाचा कर्करोग झाला. ११ मार्च २०११ रोजी, वयाच्या सेहेचाळिसाव्या वर्षी, तिचे निधन झाले. मृत्यूची गाणी जन्मभर गायलेल्या बाईच्या मृत्यूवर अलंकारिक लिहिण्याचा मोह अनेकांना आवरला नाही. तिच्या सहकाऱ्यांनी मात्र गाऊन निरोप दिला. २०१८ मध्ये तिच्या जीवनावर एक माहितीपट निघाला, त्यात तिचे जुने नाट्यप्रयोग आणि मैफली पाहावयास मिळतात. मठातील त्या गायकवृंदाला तिचे नाव देण्यात आले. शतकांपूर्वीची जी गीते हस्तलिखितांच्या बाडांत पडून होती, ती तिच्या नावाचा हा वृंद त्या जुन्या दगडी भिंतींत उभा राहून गातो.